चार जागा, खुली एकही नाही: मुलाखत द्यावी की कोर्टात जावं?

प्रश्न : माझं माहेर रावेरचं, वडिलांची केळीची शेती. लग्न होऊन इंदुरात आले. अर्थशास्त्रात एम.ए. ५८ टक्के, नेट आणि पीएच.डी. झालं आहे, सध्या एका कॉलेजात अतिथी विद्वान म्हणून शिकवते. माळव्यातल्या एका राज्य विद्यापीठानं सहायक प्राध्यापकांची जाहिरात काढली. माझ्या विषयात चार जागा आहेत : दोन ओबीसी, एक एससी, एक एसटी. खुली एकही नाही. आमची जात महाराष्ट्र आणि मध्य प्रदेश दोन्हींच्या ओबीसी यादीत आहे, म्हणून मी महाराष्ट्राचा दाखला जोडून ओबीसीतून अर्ज केला. आता छाननीच्या यादीत माझ्या नावापुढे ‘जाती प्रमाण-पत्र विचाराधीन’ असा शेरा आलाय. एक सहकारी म्हणतात, चारपैकी चार राखीव म्हणजे ५० टक्क्यांची मर्यादा उघड मोडली, केस हमखास जिंकाल. दुसरे म्हणतात, २०१९ च्या कायद्यानं आरक्षण मोजण्यासाठी अख्खं विद्यापीठ एक घटक झालंय, त्यामुळे विषयवार जागा दाखवणंच चूक. मुलाखत तीन आठवड्यांवर आहे. आधी मुलाखत द्यावी, निकाल विरुद्ध गेला तर केस करावी, असं घरच्यांचं मत. काय करू?

उत्तर : ताई, तुम्ही विचारलंत रोस्टरबद्दल, म्हणजे कुठली जागा कुणासाठी राखीव हे ठरवणाऱ्या क्रमाबद्दल, पण तुमची खरी अडचण त्या शेऱ्यात आहे. म्हणून आधी तिथूनच सुरुवात.

राज्याच्या नोकरीत आरक्षण मिळतं ते त्या राज्याच्या यादीतल्या, त्या राज्याच्या मूळ रहिवाशाला. जातीचं नाव दोन्ही याद्यांत असलं तरी याद्या वेगळ्या आणि त्यामागचा अभ्यासही वेगळा, असं सुप्रीम कोर्टानं मर्री चंद्रशेखर राव प्रकरणात १९९० सालीच सांगितलं. आंध्रातून मुंबईला आलेल्या विद्यार्थ्याचा आणि सेठ जी. एस. मेडिकल कॉलेजचा तो खटला. तो अनुसूचित जमातीबद्दल होता. पुढे २००१ मध्ये दिल्ली महापालिकेच्या शिक्षक भरतीत ओबीसींनाही हेच लागू केलं, आणि २०१८ मध्ये घटनापीठानं बीर सिंग प्रकरणात एससी-एसटींबाबत पुन्हा शिक्कामोर्तब केलं. लग्न करून आल्यानं काही बदलतं का? नाही. २०१८ च्याच रंजना कुमारी प्रकरणात पंजाबातून लग्न होऊन उत्तराखंडात आलेल्या अनुसूचित जातीच्या बाईंना तिथलं आरक्षण नाकारलं गेलं. त्यांच्या जातीचं नावही दोन्ही याद्यांत होतं.

‘पण माझे यजमान मध्य प्रदेशचे ओबीसी आहेत, त्यांच्या नावावर दाखला काढते’ असं कुणी सुचवलं असेल तर तो रस्ता धरू नका. जात जन्मानं, वडिलांकडून धरली जाते. याबाबतचा गाजलेला निकाल नेमका प्राध्यापक भरतीतलाच आहे : वलसम्मा पॉल विरुद्ध कोचीन विद्यापीठ, १९९६. लॅटिन कॅथलिकांसाठी राखीव असलेल्या कायद्याच्या अधिव्याख्यात्याच्या जागेवर त्या समाजात लग्न करून गेलेल्या सीरियन कॅथलिक बाईंची नेमणूक झाली होती. सुप्रीम कोर्टानं म्हटलं, लग्नानं तुम्ही त्या कुटुंबाच्या झालात हे खरं, पण जन्मापासूनचं मागासलेपण लग्नानं अंगाला लागत नाही. इंदुरात लोक मूलनिवासी दाखला आणि जातीचा दाखला यांची हमखास गल्लत करतात. लग्नानंतर इथला रहिवास सिद्ध करता येतो. जातीचा हक्क मात्र माहेरच्या राज्यातच राहतो.

तुमचा दाखला खोटा नाही, तो या भरतीत चालणारा नाही, इतकंच. पण विद्यापीठानं चुकून चालवून घेतला आणि नेमणूक झाली, तरी पुढे पाचव्या-सातव्या वर्षी कुणी तक्रार केली की सगळंच कोसळतं. जातीचा दावा टिकला नाही तर ‘इतकी वर्षं नोकरी केली, आता राहू द्या’ ही विनवणी चालणार नाही, हे २०१७ च्या जगदीश बहिरा प्रकरणापासून पक्कं झालंय. महाराष्ट्रात या एका निकालानं किती घरांची झोप उडाली हे तुमच्या माहेरी कुणालाही विचारा.

आता यातली एक चांगली बाजू. एम.ए.ला तुम्हाला ५८ टक्के आहेत. यूजीसीच्या, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या, २०१८ च्या नियमांत सहायक प्राध्यापकाला पदव्युत्तरला किमान ५५ टक्के लागतात. एससी, एसटी, नॉन-क्रीमी लेयर ओबीसी आणि दिव्यांगांना ५ टक्क्यांची सूट. तुम्हाला ५३ असते तर ओबीसीचा दावा गेल्याबरोबर पात्रताही गेली असती आणि कोर्टात उभं राहायलाही पाय उरले नसते. ५८ मुळे तुम्ही खुल्या उमेदवार म्हणून पात्र आहात. नेट तुम्ही ओबीसीच्या कटऑफवर पास केली असेल तरी घाबरू नका. पात्रता परीक्षेतली सवलत म्हणजे अंतिम निवडीतली सवलत नव्हे, असं सुप्रीम कोर्टानं राजस्थानच्या टीईटीबाबत विकास सांखला प्रकरणात २०१६ मध्ये म्हटलंय. वयाची सवलत घेतली असेल तर मात्र गाडी अडू शकते. भरतीच्या नियमात मनाई असेल तर अशा उमेदवाराला खुल्या जागेवर जाता येत नाही, हे २०१७ चं दीपा ई. व्ही. प्रकरण. जाहिरातीतली वयाची अट आणि आपली जन्मतारीख आजच ताडून बघा.

म्हणजे तुमचा प्रश्न एवढाच उरतो : या चारांत एक जागा खुली असायला हवी होती का?

तुमच्या पहिल्या सहकाऱ्यांचं गणित इथेच चुकतं. आरक्षण रिकाम्या जागांवर मोजत नाहीत, संवर्गातल्या, म्हणजे त्या एका प्रकारच्या, एकूण मंजूर पदांवर मोजतात. आर. के. सभरवाल विरुद्ध पंजाब या १९९५ च्या निकालापासून हा नियम आहे आणि त्यावरूनच केंद्रानं २ जुलै १९९७ ला पदांवर आधारित रोस्टर आणलं. जाहिरातीत दिसतात त्या फक्त रिकाम्या खुर्च्या. भरलेल्या खुर्च्यांवर कोण कुठल्या बिंदूवर, म्हणजे रोस्टरमधल्या कुठल्या क्रमांकावर, बसलंय हे कळल्याशिवाय काहीच सांगता येत नाही.

समजा तुमच्या विभागात सहायक प्राध्यापकांची मंजूर पदं ९ आहेत आणि विभाग हाच घटक धरलाय. मध्य प्रदेशात टक्के असे : एससी १६, एसटी २०, ओबीसी २७, ईडब्ल्यूएस (आर्थिकदृष्ट्या दुर्बल) १०. नवाचे १६ टक्के म्हणजे १.४४, धरा १. एसटी १.८, पूर्ण बिंदू १. ओबीसी २.४३, म्हणजे २. ईडब्ल्यूएस ०.९, म्हणजे अजून शून्य. राखीव झाली ४, खुली ५. विभागात आज पाच जण खुल्या बिंदूंवर काम करत असतील तर उरलेल्या चार जागा बरोबर तुमच्या जाहिरातीसारख्याच पडतात : एक एससी, एक एसटी, दोन ओबीसी. नवात चार म्हणजे ४४ टक्के. कुठलीच मर्यादा मोडली नाही, आणि सहकाऱ्यांची हमखास केस पहिल्या सुनावणीत आटोपली.

आता याच गणितात ओबीसी २७ ऐवजी १४ टक्के धरा. नवाचे १४ टक्के १.२६, म्हणजे एकच जागा. दुसरी ओबीसी जागा खुली होते. मध्य प्रदेशात १९९४ च्या आरक्षण अधिनियमात ओबीसींना १४ टक्के होते. मार्च २०१९ मध्ये अध्यादेश काढून ते २७ केले, मग कायदाही केला. १६, २० आणि २७ मिळून ६३, वर ईडब्ल्यूएसचे १०. इंद्रा साहनीच्या १९९२ च्या निकालातल्या ५० टक्क्यांवर हे जातं, म्हणून वाढीव १३ टक्क्यांचा वाद अनेक वर्षं जबलपूरच्या हायकोर्टात आणि दिल्लीत सुप्रीम कोर्टात चाललाय. ईडब्ल्यूएसचे १० टक्के सुप्रीम कोर्टानं नोव्हेंबर २०२२ मध्ये तीन विरुद्ध दोन मतांनी वैध ठरवले, त्यामुळे तो भाग वादाबाहेर. सप्टेंबर २०२२ मध्ये राज्य सरकारनं ८७-१३ ची तोड काढली : ८७ टक्के जागांचा मुख्य निकाल लावायचा, वादातल्या १३ टक्क्यांचा तात्पुरता, आणि त्या तेरात ओबीसी आणि खुल्या अशा दोन्ही उमेदवारांच्या याद्या लावून ठेवायच्या. तात्पुरत्या यादीत नाव आलं म्हणजे नेमणूक झाली असं नाही, हे पीएससीच्या, म्हणजे राज्य लोकसेवा आयोगाच्या परीक्षेच्या, किती मुलांनी पेढे वाटल्यावर समजून घेतलं ते इंदूरच्या भंवरकुआं भागात राहणाऱ्यांना वेगळं सांगायला नको.

म्हणून जाहिरातीच्या अटींत ‘न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन’ अशी ओळ आहे का आणि ओबीसीच्या दोन जागांपैकी एक १३ टक्क्यांत दाखवली आहे का, हे आधी बघा. तुमची बाजू उभी राहिलीच तर ती या दुसऱ्या ओबीसी जागेवर उभी राहील. चारही जागांवर नाही.

वरचं गणित ९ पदं धरून आहे. पदं ११ असतील तर आकडे बदलतील, आणि काम करणाऱ्या पाचांपैकी एखादे ओबीसी बिंदूवर आधीच बसलेले असतील तर विद्यापीठाचा हिशोबच चुकलाय असा अर्थ निघेल. हे सगळं एका वहीत असतं : रोस्टर रजिस्टर, महाराष्ट्रात ज्याला बिंदुनामावली म्हणतात. बिंदू क्रमांक, तो कुठल्या प्रवर्गाचा, त्यावर कुणाची नेमणूक, कधी, नेमलेल्या व्यक्तीचा स्वतःचा प्रवर्ग आणि शेवटी शेरा व सही. केंद्राचं आदर्श रोस्टर २०० बिंदूंचं, मध्य प्रदेशात १०० बिंदूंचं चालतं. प्राध्यापक, सहयोगी प्राध्यापक आणि सहायक प्राध्यापक या तिघांचं रोस्टर वेगवेगळं असायला हवं.

या वहीत काय काय चुका सापडतात ते सांगतो, म्हणजे हातात आल्यावर कुठे बोट ठेवायचं ते कळेल. सगळ्यात जास्त दिसणारी चूक म्हणजे राखीव प्रवर्गातली एखादी व्यक्ती खुल्या स्पर्धेत गुणवत्तेवर निवडली गेलेली असते आणि वहीत तिला राखीव बिंदूवर दाखवलेलं असतं. १९९४ च्या अधिनियमाच्या कलम ४ मध्येच स्पष्ट आहे की अशी निवड राखीव जागेत मोजायची नाही. या चुकीनं राखीव उमेदवारांची जागा खाल्ली जाते. उलट चूकही होते : निवृत्त माणूस खुल्या बिंदूवर होता, पण त्याची जागा भलत्याच बिंदूवर सरकवली. मग नव्यानं मंजूर झालेली पदं जुन्या क्रमात मधेच घुसडलेली. जाहिरात निघायच्या आठवड्यात एकाच शाईनं, एकाच अक्षरात वीस वर्षांच्या नोंदी भरलेल्या. आणि अनुशेष. मागच्या भरतीत न भरलेल्या राखीव जागा पुढे येतात तेव्हा घटनेच्या कलम १६(४ब) नुसार त्या वेगळ्या गटात धरतात, त्या वर्षीच्या ५० टक्क्यांत मिसळत नाहीत. तुमच्या चारपैकी एससी-एसटीच्या जागा अनुशेषाच्या असतील तर त्यांना हात लावायचा विचारही करू नका.

आता २०१९ चा कायदा. विद्यापीठांच्या आवारात हा कायदा ब्रह्मवाक्यासारखा फेकला जातो, म्हणून थोडं सविस्तर. यूजीसीच्या २००६ च्या मार्गदर्शक सूचनांत विद्यापीठ हा एक घटक धरून रोस्टर होतं. एप्रिल २०१७ मध्ये अलाहाबाद हायकोर्टानं बनारस हिंदू विद्यापीठाच्या जाहिरातीवरच्या विवेकानंद तिवारी प्रकरणात म्हटलं की घटक विभाग किंवा विषय असावा. अर्थशास्त्राचा प्राध्यापक रसायनशास्त्राच्या जागेसाठी स्पर्धेत नसतो, हा त्यामागचा विचार. सुप्रीम कोर्टानं तो निकाल कायम ठेवला आणि ५ मार्च २०१८ ला यूजीसीनं तसं पत्र काढलं. मग ‘तेरा बिंदूंच्या रोस्टर’विरुद्ध देशभर आंदोलन पेटलं.

ते का पेटलं ते आकड्यांत बघा. लहान संवर्गात केंद्राच्या टक्केवारीनं चौथा बिंदू ओबीसीचा, सातवा एससीचा, चौदावा एसटीचा. शंभराला २७ नं भागलं की ३.७ येतात, म्हणून चौथा. १५ नं भागलं की ६.६७, म्हणून सातवा. आता २० विभाग, प्रत्येकात ३ पदं असं विद्यापीठ घ्या. विभागवार मोजलं तर एकाही विभागात चौथा बिंदू येतच नाही : ६० पदांत पहिल्या भरतीत आरक्षण शून्य, कुणी निवृत्त होऊन त्याच्या जागी माणूस येईल तेव्हा बिंदू पुढे सरकणार. विद्यापीठ एक घटक धरलं तर त्याच ६० पदांत एससी ९, एसटी ४, ओबीसी १६. सरकारचा अर्ज जानेवारी २०१९ मध्ये आणि फेरविचार याचिका फेब्रुवारीत सुप्रीम कोर्टानं फेटाळल्यावर ७ मार्च २०१९ ला अध्यादेश आला आणि जुलैत केंद्रीय शैक्षणिक संस्था (शिक्षक संवर्गातील आरक्षण) अधिनियम झाला. त्यात संस्था हाच एक घटक.

पण नाव नीट वाचा : केंद्रीय शैक्षणिक संस्था. सिमरोलच्या आयआयटीला तो लागू. राज्याच्या १९७३ च्या विद्यापीठ अधिनियमाखाली चालणाऱ्या विद्यापीठाला नाही. केंद्रीय संस्थांतही काही वगळल्या आहेत, अल्पसंख्याक संस्था आणि होमी भाभा नॅशनल इन्स्टिट्यूटसारख्या अनुसूचीतल्या संस्था. तुमच्या विद्यापीठात घटक कुठला, हे राज्याचे आरक्षण नियम, शासनाचे आदेश आणि कार्यपरिषदेचा ठराव यांवरून ठरेल. दुसऱ्या सहकाऱ्यांचा मुद्दा म्हणून इथे लंगडा पडतो. उलट विषयवार जागा दाखवण्याच्या बाजूनं सुप्रीम कोर्टाचा जुना निकाल आहे, तोही नागपूर विद्यापीठाचाच. १९९० च्या सुरेशचंद्र वर्मा प्रकरणात कुठल्या विषयातली जागा राखीव हे न सांगता नुसती एकगठ्ठा संख्या दिल्यानं जाहिरात आणि नेमणुका दोन्ही बेकायदा ठरल्या. कारण साधं : माझ्या विषयात माझ्यासाठी जागा आहे का, हे उमेदवाराला अर्ज करतानाच कळायला हवं. घटक विद्यापीठ असो की विभाग, जाहिरात विषयवारच हवी. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि वकीलही कधी कधी त्या एकत्र कालवतात.

तुमच्या दृष्टीनं आणखी एक : विद्यापीठ घटक धरलं तर अर्थशास्त्रातल्या चारही जागा राखीव येणं आणि शेजारच्या विभागात चारही खुल्या येणं, दोन्ही कायदेशीर असू शकतं.

आता घरच्यांच्या सल्ल्याकडे. ‘मुलाखत देऊ, निकाल बघू, मग केस’ हा सल्ला सर्वांत वाईट. भरतीच्या अटी माहीत असून भाग घेतला, निवड झाली नाही आणि मग अटींवर बोट ठेवलं की कोर्ट दारातूनच परत पाठवतं. १९९५ च्या मदन लाल प्रकरणापासून हे सतत सांगितलं गेलंय. याला अपवाद आहे. डिसेंबर २०१९ च्या मीता सहाय प्रकरणात सुप्रीम कोर्टानं म्हटलं की प्रक्रियाच नियमाविरुद्ध असेल तर नुसत्या सहभागानं हक्क जात नाही. पण अपवादावर विसंबून घर बांधायचं नसतं. आक्षेप मुलाखतीच्या आधी, लेखी आणि पोचसहित नोंदवा, मग मुलाखतीला बोलावलं तर जरूर जा.

तर या आठवड्यात हे करा. कुलसचिवांच्या नावानं हिंदीत निवेदन द्या. एका पानाचं पुरे. त्यात जाहिरात क्रमांक व तारीख, तुमचा अर्ज क्रमांक, आणि चारच मुद्दे : अर्थशास्त्रात सहायक प्राध्यापकांची मंजूर व भरलेली पदं किती, रोस्टरचा घटक कोणता व कोणत्या आदेशानुसार, चारपैकी अनुशेषाच्या जागा कोणत्या, आणि ओबीसीची दुसरी जागा १४ टक्क्यांतली की वाढीव १३ मधली. पाचव्या ओळीत मागणी : ‘माझी उमेदवारी अनारक्षित म्हणून विचारात घ्यावी, शुल्कातला फरक भरायला मी तयार आहे, आणि माझा मुलाखतीतला सहभाग या आक्षेपाला बाधा न येता समजावा.’ जातीच्या दाखल्याबद्दल भांडू नका. उलट तो महाराष्ट्राचा आहे हे स्वतःहून लिहा. लपवलंत असं कुणाला म्हणता येऊ नये. आवक शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्या, शिपायाच्या हातात देऊन निघून येऊ नका. तीच प्रत स्पीड पोस्टनं आणि ई-मेलनंही पाठवा.

त्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्ज. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. उत्तर नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील, त्याचं मध्य प्रदेशात शुल्क ५० रुपये. ‘आरक्षणाबद्दल सर्व माहिती द्या’ असं लिहिलंत तर ‘माहिती विस्तृत स्वरूपाची’ म्हणून परत येईल. मागा ते नेमकं : सहायक प्राध्यापक संवर्गाच्या रोस्टर रजिस्टरची प्रमाणित प्रत, त्या रोस्टरला मंजुरी देणारा कार्यपरिषदेचा ठराव, अनुशेषाचा तक्ता, आणि जाहिरातीला दिलेल्या मंजुरीची नस्ती (फाइल). कारण विचारू नका, कागद मागा. ३० दिवस मुलाखतीनंतर संपतील हे माहीत आहे, तरी अर्ज टाकाच. याचिकेत ‘रोस्टर मागितलं, दिलं नाही’ हे लिहिता आलं की कोर्ट विद्यापीठाला मूळ अभिलेख आणायला सांगू शकतं.

दहा दिवसांत निवेदनाला उत्तर नाही आलं तर पुढचं निवेदन लिहीत बसू नका. निवेदनांमागून निवेदनं दिली म्हणून उशीर माफ होत नाही. सर्व्हिस मॅटर करणारा वकील गाठा आणि एम.जी. रोडवरच्या हायकोर्टाच्या खंडपीठात घटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका टाका. प्रतिवादी राज्य शासन, विद्यापीठ आणि यूजीसी. मुलाखतीनंतर, निवड यादी लागल्यावर गेलात तर निवडलेल्या उमेदवारांनाही प्रतिवादी करावं लागेल. ते न केल्यानं चांगल्या याचिका पडल्या आहेत. मागणी अरुंद ठेवा. ‘संपूर्ण भरती रद्द करा’ म्हटलं की शंभर माणसं तुमच्या विरोधात उभी राहतात आणि न्यायाधीशही हात आखडता घेतात. ‘अर्थशास्त्रातली ओबीसीची दुसरी जागा याचिकेच्या निकालापर्यंत रिकामी ठेवा’ एवढंच मागा. स्थगिती मिळेल असं धरून चालू नका. बहुतेक वेळा ‘नेमणुका याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहतील’ असा आदेश होतो, आणि तोही कामाचा असतो. जिंकलात तरी आदेश होईल तो जागा खुली करून पुन्हा निवड करण्याचा. तुम्हाला नेमण्याचा नव्हे.

वहीत सगळं बरोबर निघालं तर? मग याचिका टाकू नका. फी भरून चार वर्षं तारखा घेण्यापेक्षा तो पैसा आणि वेळ दुसऱ्या अर्जांत घाला. आमचा अंदाज विचाराल तर दहांत सहा-सात वेळा असंच निघतं.

त्या दुसऱ्या अर्जांबद्दल. केंद्रीय संस्थांत, मग ते सिमरोलचं आयआयटी असो की सागर किंवा वर्ध्याचं केंद्रीय विद्यापीठ, तुम्ही ओबीसी म्हणून अर्ज करू शकता. केंद्राची ओबीसी यादी राज्यवार आहे, त्यात महाराष्ट्राखाली तुमची जात आहे का बघा. राज्याच्या यादीत असून केंद्राच्या यादीत नाही अशा जाती बऱ्याच आहेत. दाखला केंद्राच्या नमुन्यातला हवा, तुमच्या माहेरच्या प्रांत कार्यालयातून काढलेला. मे २०२५ मध्येच सुप्रीम कोर्टानं उत्तर प्रदेशच्या पोलीस भरतीत राज्याऐवजी केंद्राच्या नमुन्यातला दाखला जोडणाऱ्या उमेदवाराला बाहेर ठेवलं. चुकीचा नमुना म्हणजे किरकोळ चूक, असं म्हणायची सोय आता राहिलेली नाही. क्रीमी लेयर बघताना यजमानांचा पगार मोजत नाहीत, तुमच्या आईवडिलांची स्थिती बघतात. ८ लाखांच्या मर्यादेत शेतीचं उत्पन्न धरत नाहीत, पण कुटुंबाची बागायती जमीन कमाल धारणेच्या ८५ टक्के किंवा जास्त असली तर क्रीमी लेयर लागतो. केळीचं रान म्हणजे बागायतच. तेव्हा वडिलांचा सातबारा आणि आठ-अ आधी मागवून घ्या, मगच अर्जात ओबीसीच्या चौकोनात खूण करा.